किम बुसिक: कवीला मारणारा प्रधान आणि त्यानं लिहिलेला इतिहास

आजचा भाग थोडा लांबचा आहे. अंतरानंही लांब आणि काळानंही लांब. आज आपण बाराव्या शतकातल्या कोरियात जाणार आहोत. तिथल्या दरबारातल्या एका माणसाची नोकरी पहिल्या दिवसापासून शेवटपर्यंत बघणार आहोत. माणसाचं नाव किम बुसिक. जन्म १०७५, मृत्यू ११५१.

सुरुवातीलाच एक कबुली देतो. हा भाग मी दोनदा लिहिला. पहिल्या वेळी मी किम बुसिकला सरळ खलनायक केलं होतं. कथा तशी तयारच होती हो. एक हुशार, मत्सरी प्रधान. एक त्याच्याहून चांगला कवी. बंड होतं, प्रधानाला संधी मिळते, तो कवीचं डोकं उडवतो, आणि मग म्हातारपणी निवांत बसून देशाचा इतिहास लिहितो. रेकॉर्ड करायला बसलो आणि मध्येच थांबलो. कारण या देशाच्या जुन्या काळाबद्दल मी जे काही वाचत होतो, त्यातलं बरंचसं याच माणसाच्या पुस्तकातून आलं होतं. ज्याच्यावर आरोप ठेवायचा, त्याच्याच वहीतून सगळं वाचायचं, असा पेच. मग पुन्हा पहिल्यापासून लिहायला घेतलं.

तर आधी पार्श्वभूमी, पटकन.

कोरियात फार पूर्वी तीन राज्यं होती. उत्तरेला गोगुर्यो, नैर्ऋत्येला बेक्जे आणि आग्नेयेला शिल्ला. सातव्या शतकात शिल्लानं चीनच्या तांग राजांची मदत घेऊन बाकीची दोन्ही संपवली. पुढे शिल्लाही थकलं आणि ९३५ मध्ये त्याच्या शेवटच्या राजानं आपलं राज्य गोर्यो नावाच्या नव्या राज्याच्या स्वाधीन केलं. आजचा ‘कोरिया’ हा शब्द या गोर्योवरूनच आलाय. गोर्योची राजधानी होती गेग्योंग, म्हणजे आजचं केसाँग. आणि दुसरं महत्त्वाचं शहर होतं सोग्योंग, शब्दशः ‘पश्चिमेची राजधानी’. हे सोग्योंग म्हणजे आजचं प्योंगयांग. ही दोन नावं लक्षात ठेवा. आजची सगळी भानगड या दोन शहरांमधली आहे.

किम बुसिकचं घराणं शिल्लाच्या राजवंशातलं. शिल्ला बुडालं तेव्हा त्याच्या पणजोबांना त्यांच्याच जुन्या राजधानीचा, ग्योंगजूचा, स्थानिक कारभार दिला गेला. म्हणजे विचार करा, काल जिथे आपल्या कुळाचं सिंहासन होतं तिथेच आज दुसऱ्या राजाच्या वतीनं कारभार बघायचा. पुढच्या पिढ्यांनी मात्र वेगळी वाट धरली. गोर्योत ९५८ पासून चिनी पद्धतीच्या परीक्षा सुरू झाल्या होत्या. कन्फ्युशियसपरंपरेचे ग्रंथ, कविता, निबंध, सगळं शास्त्रीय चिनी भाषेत. या परीक्षेत पास झालं की सरकारी नोकरी. किम बुसिकचे वडील याच वाटेनं दरबारात आले, पण ते लवकर गेले. मागे राहिली आई आणि चार मुलगे.

आणि हे चारही मुलगे परीक्षा पास झाले! गोर्योत असा नियम होता, की ज्या आईचे तीन मुलगे पास होतील तिला दरवर्षी सरकारी कोठारातून ३० सोक धान्य द्यायचं. सोक हे तिकडचं धान्याचं माप. इथे तर चार झाले. मग राजानं त्यात १० सोक वाढवून ४० केले, आणि पुढे तोच रिवाज पडला. मला ही नोंद फार आवडते. युद्धं, बंडं, राजे यांच्या गर्दीत एका विधवा आईच्या घरी येणारं धान्य कुणीतरी नोंदवून ठेवलंय.

नावांचीही एक गंमत आहे. बुसिक आणि त्याचा धाकटा भाऊ बुचोल, यांच्या नावातली शेवटची अक्षरं घेतलीत चीनमधल्या सु शी आणि सु चे या दोन भावांच्या नावांतून. सु शी म्हणजे सोंग काळातला अत्यंत गाजलेला कवी. वडिलांना केवढं कौतुक असेल बघा! आणि गंमत पुढेच आहे. हाच सु शी आपल्या बादशहाला अर्ज लिहून सांगत होता, की या गोर्योच्या वकिलांना आपली पुस्तकं विकू नका. प्रेम एकतर्फी होतं म्हणायचं.

बुसिक १०९६ मध्ये पास झाला. पहिली नेमणूक एका प्रांताच्या ठिकाणी, साधी कारकुनी. मग राजधानीत, राजाची पत्रं आणि फर्मानं लिहिणाऱ्या विद्वानांच्या कचेरीत. अशी जवळजवळ वीस वर्षं लेखणीच्या कामात गेली. १११६ मध्ये तो वकिलातीबरोबर चीनला, सोंग राजधानी काइफेंगला जाऊन आला. त्या काळातलं जगातलं एक सगळ्यात मोठं, झगमगतं शहर त्यानं डोळ्यांनी पाहिलं.

तो दिसायचा कसा, हेसुद्धा आपल्याला माहीत आहे. ११२३ मध्ये सोंग दरबाराचे वकील गेग्योंगला आले होते. त्यांच्याबरोबर शू जिंग नावाचा एक अधिकारी होता. त्यानं परत जाऊन गोर्योचं एक सचित्र वर्णन लिहिलं आणि पुढच्याच वर्षी बादशहाला सादर केलं. त्यात तो किम बुसिकबद्दल लिहितो. अंगापिंडानं भरलेला, रंगानं काळा, डोळे थोडे बाहेर आलेले. पण वाचन अफाट, लेखन उत्तम, जुन्या-नव्याची जाण पक्की. हे वर्णन ना मित्राचं, ना शत्रूचं. पाहुणा म्हणून आलेल्या माणसानं जे दिसलं ते लिहिलं. म्हणून मला ते महत्त्वाचं वाटतं.

आता दरबाराकडे येऊ. ११२२ मध्ये इनजोंग नावाचा राजा गादीवर आला. वय जेमतेम चौदा. खरी सत्ता होती यी जाग्योम या माणसाकडे. तो राजाच्या आईचा बाप, म्हणजे आजोबा. आणि त्यानं आपल्या आणखी दोन मुली याच राजाला दिल्या, म्हणजे सासराही तोच. नातं सांगताना आपल्यालाच घेरी यावी! मग दरबारात प्रश्न आला, की या आजोबांनी राजापुढे इतरांसारखं वाकायचं की नाही? बरेच जण म्हणाले, छे छे, त्यांना माफ करा.

किम बुसिक उभा राहिला. त्याचं म्हणणं असं, की आतल्या महालात घरचं नातं पाळा. पण भर दरबारात राजा तो राजा आणि सेवक तो सेवक. पुढे यी जाग्योमच्या वाढदिवसाला राजाच्या वाढदिवसासारखं खास नाव द्यायचं ठरत होतं. तिथेही बुसिकनं विरोध केला. सेवकाच्या वाढदिवसाला असा मान कधी ऐकलेला नाही, असं तो म्हणाला. त्या दिवसांत हे बोलायला छाती लागत होती. ११२६ मध्ये राजानं आजोबांना हटवायचा प्रयत्न केला, तो फसला, आजोबांच्या माणसांनी राजवाडाच जाळला, आणि त्यांचाच एक सेनापती फुटल्यावर कुठे हे प्रकरण मिटलं. यी जाग्योम हद्दपारीत मेला.

मी हा प्रसंग एवढा सविस्तर का सांगतोय? कारण यात या माणसाचा कणा दिसतो. त्याच्या दृष्टीनं राज्य म्हणजे पायऱ्यांची रचना. प्रत्येकानं आपल्या पायरीवर उभं राहायचं. आजोबा असो नाहीतर कुणीही असो. पायरी सोडली की घर कोसळतं. पुढे त्यानं जे केलं, चांगलं आणि वाईट, ते याच एका धारणेतून केलं असं मला वाटतं.

त्याच सुमारास बाहेरचं जग उलटंपालटं होत होतं. उत्तरेला जुर्चेन लोकांनी जिन नावाचं साम्राज्य उभारलं. हे जुर्चेन एकेकाळी गोर्योला मान देणारे, सीमेवरचे टोळीवाले. त्यांनी ११२५ मध्ये खितानांचं बलाढ्य राज्य संपवलं आणि लगेच सोंगांवर चाल केली. गोर्योनं ११२६ मध्ये मान तुकवली आणि जिनचं वरचं स्थान मान्य केलं. त्याच वर्षी किम बुसिक पुन्हा चीनला निघाला, सोंगांच्या नव्या बादशहाचं अभिनंदन करायला. समुद्र ओलांडून मिंगजो बंदरापर्यंत पोचला आणि तिथेच अडकला. पुढचा रस्ता जिनच्या फौजांमुळे बंद. ११२७ च्या सुरुवातीला काइफेंग पडलं, बादशहा कैद झाला. ज्याचं अभिनंदन करायला निघालो तोच कैदेत! बुसिक आल्या वाटेनं परत फिरला. दहा वर्षांपूर्वी पाहिलेलं ते शहर असं गेलं. लढून काय होतं, हे त्याला कुणी पुस्तकातून सांगायची गरज उरली नाही.

आणि नेमकं इथेच आपल्या कथेत दुसरा पक्ष येतो.

राजवाडा जळालेला. राजा तरुण, हादरलेला. अशा वेळी सोग्योंगहून एक बौद्ध भिक्षू आला, म्योचोंग. तो भूमिलक्षणं सांगायचा. म्हणजे कुठल्या जमिनीत किती जोर आहे, राज्य कुठून चालवावं, वगैरे. त्याचं म्हणणं सोपं होतं. गेग्योंगच्या जमिनीचा जोर संपलाय. राजधानी सोग्योंगला न्या. तिथे गेलात की जिनसुद्धा आपण होऊन शरण येईल. राजानं स्वतःला बादशहा म्हणवावं, स्वतःचा शक सुरू करावा. अपमानानं पोळलेल्या दरबारात हे बोलणं अनेकांना गोड लागलं. त्यात जोंग जिसांगही होता. तो सोग्योंगचाच, आणि त्या पिढीतला सर्वांत नावाजलेला कवी. तेदोंग नदीवरच्या निरोपाची त्याची कविता आजही कोरियात शाळेत शिकवतात.

राजानं ११२८-२९ च्या हिवाळ्यात सोग्योंगला नवा राजवाडा बांधवला. पण चमत्कार काही होईना. मग म्योचोंगच्या लोकांनी एक युक्ती केल्याची नोंद आहे. तांदळाचा मोठा केक, म्हणजे त्यांचा तो त्तोक, आतून पोकळ केला, त्यात तेल भरलं आणि नदीच्या तळाशी सोडून दिला. तेलाचे थेंब हळूहळू वर येऊन पाण्यावर रंग चमकायला लागले. हे म्हणाले, बघा, नदीतल्या ड्रॅगननं लाळ टाकली, शुभशकुन! पुढे कुणीतरी ओळखलं की पाण्यावर तेल आलं की असेच रंग दिसतात. पाणबुडे उतरवले आणि तळातून तो केक वर काढला. आता हेही लक्षात घ्या, की ही गोष्ट आपल्यापर्यंत जिंकलेल्यांच्या बाजूनं आली आहे. हरलेल्यांची वही कुणी जपली नाही.

११३४ मध्ये राजा पुन्हा सोग्योंगला जायला निघाला होता. किम बुसिकनं अडवलं. त्यानं दोन कारणं दिली. एक, या उन्हाळ्यात त्या नव्या राजवाड्यावर तीसहून जास्त ठिकाणी वीज पडली. जागा इतकी शुभ असती तर आकाशानं असं केलं असतं का? आणि दुसरं, पश्चिमेकडची पिकं अजून शेतात उभी आहेत, तुमची स्वारी गेली तर ती तुडवली जातील. पहिलं कारण शकुनाला शकुनानं दिलेलं उत्तर आहे. दुसरं सरळ शेतकऱ्याचं. राजा थांबला.

आणि मग ११३५ च्या सुरुवातीला सोग्योंगनं बंड पुकारलं. नव्या राज्याचं नाव ठेवलं ‘दावी’, नवा शकही जाहीर केला. गंमत म्हणजे त्यांनी स्वतःचा वेगळा राजा बसवला नाही. त्यांना इनजोंगच हवा होता, फक्त सोग्योंगमध्ये. दरबारानं फौज पाठवायचं ठरवलं. सेनापती कोण? साठी गाठलेला, आयुष्यभर लेखणी चालवलेला किम बुसिक.

आता तो प्रसंग, ज्यासाठी मी आधी हा भाग लिहायला घेतला होता. फौज निघायच्या आधी किम बुसिकनं इतर मंत्र्यांशी बोलून राजधानीतल्याच तीन माणसांना बोलावलं. त्यात जोंग जिसांग होता. तिघांना राजवाड्याच्या दाराबाहेर नेऊन त्यांची डोकी उडवली. राजाला सांगितलं ते नंतर. आरोप असा, की हे आतून बंडखोरांना सामील आहेत. चौकशी नाही, राजाची आज्ञा नाही.

थांबा जरा इथे. हा तोच माणूस, जो भर दरबारात म्हणाला होता की राजा तो राजा आणि सेवक तो सेवक. आणि तोच आता राजाला न विचारता माणसं मारतो. १४५१ मध्ये पूर्ण झालेल्या ‘गोर्योसा’ या राज्याच्या अधिकृत इतिहासात लोकांचं बोलणंही नोंदवलंय. साहित्यात दोघांचं नाव बरोबरीनं घेतलं जायचं, बुसिकच्या मनात ते सलत होतं, आणि फितुरीचं निमित्त करून त्यानं काटा काढला. जोंग जिसांग म्योचोंगच्या गटात होता, हे खरं. पण बंडाची गोष्ट त्याला आधी ठाऊक होती, असा पुरावा समोर ठेवला गेला नाही. तो ठेवायची वेळच येऊ दिली नाही.

लोक हे विसरले नाहीत. पुढच्या शतकातल्या ई ग्युबो या कवीच्या नावावर असलेल्या एका संग्रहात दोघांच्या भुताटकीच्या गोष्टी आहेत. किम बुसिक वसंतावर कविता करतो. त्यात विलोच्या फांद्या हजार आणि पीचची फुलं दहा हजार असा हिशेब असतो. जोंग जिसांगचं भूत येऊन त्याला थोबाडीत मारतं आणि विचारतं, मोजल्यास का? आणि मग कसं लिहायला हवं होतं, तेही सांगतं. दुसऱ्या गोष्टीत तर ते भूत त्याला शौचकूपात गाठतं आणि अंडकोष आवळून ठार करतं. अर्थात, हा इतिहास नाही. बुसिक म्हातारपणीच वारला. पण लोकांनी निकाल काय दिला होता, ते या गोष्टींमधून कळतं.

युद्ध वर्षभर चाललं. बुसिकनं घाई केली नाही. आधी लांबच्या वाटेनं उत्तरेकडे गेला, आजूबाजूची ठाणी आपल्याकडे वळवली, शहराला एकटं पाडलं. घाबरून बंडखोरांमधल्याच जो ग्वांगनं म्योचोंगचं डोकं कापून राजधानीला पाठवलं. इथेच सगळं मिटलं असतं. पण दरबारानं ते डोकं घेऊन आलेल्या माणसालाच तुरुंगात टाकलं. जो ग्वांगनं ओळखलं की आपल्यालाही माफी नाही, आणि त्यानं पुन्हा दरवाजे बंद केले. पुढचे कित्येक महिने वेढा. दरबारातून ओरड, की हा म्हातारा करतोय काय? तो मात्र तटासमोर मातीचा डोंगर रचून घेत होता. ११३६ च्या फेब्रुवारीत शहर पडलं. सैनिकांना लूट आणि कत्तल करायला त्यानं मनाई केली. पण शिक्षाही झाल्या. जे कट्टर लढले त्यांच्या चेहऱ्यावर ‘सोग्योंगचे राजद्रोही’ असं गोंदवून त्यांना बेटांवर धाडलं. शहराचं नाव हीच शिवी झाली.

किम बुसिक मुख्य प्रधान झाला. आणि त्याच सुमारास त्यानं आणखी एक हिशेब चुकता केला. युन ओनी हा त्याच्याच हाताखाली या युद्धात लढलेला अधिकारी. पण दोघांचं वैर जुनं होतं. युन ओनीचे वडील युन ग्वान हे मोठे सेनापती. त्यांनी एका थोर भिक्षूच्या स्मारकाचा लेख लिहिला होता. तो पसंत पडला नाही, तेव्हा राजानं बुसिकला पुन्हा लिहायला सांगितला. रीत अशी, की अशा वेळी दोनदा तरी नको नको म्हणावं. बुसिकनं सरळ लिहून टाकला! तो शिलालेख आजही केसाँगजवळच्या योंगथोंगसा मठात आहे. पुढे एकदा बुसिक राजापुढे ‘बदलांच्या ग्रंथा’वर व्याख्यान देत होता, तेव्हा युन ओनीनं असे प्रश्न विचारले की बुसिकला घाम फुटला. युद्ध संपल्यावर बुसिकनं त्याच्यावर आरोप ठेवला, की हा जोंग जिसांगच्या गटातला, स्वतंत्र शकाची भाषा करणारा. युन ओनीची बदली लांबच्या गावी झाली. काही वर्षांनी राजानं त्याला परत बोलावलं. बुसिकनं ओळखलं, वारं फिरलंय. त्यानं पुन्हा पुन्हा अर्ज केले आणि ११४२ मध्ये निवृत्ती घेतली.

आणि इथून त्याचं खरं काम सुरू होतं. राजानं त्याला तीन राज्यांचा इतिहास लिहायला सांगितलं, मदतीला आठ सहाय्यक दिले. ११४५ च्या शेवटी त्यानं ‘सामगुक सागी’ राजाला सादर केलं. एकूण ५० खंड. २८ खंड राजांच्या वर्षवार हकिकतींचे, ३ कालपटांचे, ९ संस्था, भूगोल, पोशाख, वाद्यं अशा विषयांचे आणि १० चरित्रांचे. आपल्याकडे काश्मीरमध्ये कल्हण ‘राजतरंगिणी’ लिहायला बसला तो यानंतर तीनच वर्षांनी. सामगुक सागी हा आज उपलब्ध असलेला कोरियाचा सर्वांत जुना पूर्ण इतिहासग्रंथ. सादर करताना बुसिकनं राजाला जे लिहिलं त्याचा आशय असा: आपले शिकलेले लोक चीनचा इतिहास घडाघडा सांगतात, पण आपल्याच देशाचा विचारला की गप्प बसतात, ही लाजेची गोष्ट आहे.

पुढे १९२० च्या दशकात सिन चेहो नावाच्या इतिहासकारानं या माणसावर जबरदस्त हल्ला चढवला. कोरिया तेव्हा जपानच्या ताब्यात होता आणि सिन चेहो चीनमध्ये परागंदा होता. त्यानं लिहिलं, की सोग्योंगचं बंड मोडणं ही कोरियाच्या हजार वर्षांतली सर्वांत मोठी घटना. त्या दिवशी स्वाभिमानी पक्ष हरला आणि मोठ्यांपुढे वाकणारा पक्ष जिंकला. आणि जिंकलेल्यानं इतिहासही वाकवून लिहिला. सिन चेहो १९३६ मध्ये जपान्यांच्या तुरुंगात, लुशुनला मेला. अशा माणसाचा राग आपण सहज बाजूला सारू शकत नाही.

आणि त्याच्या आरोपाला पुस्तकात आधार आहे. शिल्लानं ५३६ पासून स्वतःचा शक चालवला होता. पुढे तो सोडून चीनचा घेतला, तिथे किम बुसिक थांबून आपलं मत देतो, की सीमेवरच्या लहान देशानं स्वतःचा शक काढणं मुळातच चूक होती. हे वाचताना मला सोग्योंग दिसतं. राणी सोनदोकबद्दल तर तो म्हणतो, बाईला गादीवर बसवलं आणि तरी राज्य बुडालं नाही हे नशीबच. दहा खंड चरित्रांचे, त्यातले तीन एकट्या शिल्लाच्या सेनापतीला, किम युसिनला. पक्षपात आहेच. जुन्या दंतकथाही त्यानं छाटल्या. गोगुर्योच्या संस्थापकाची अद्भुत कथा त्यानं आखूड केली, हे ई ग्युबोनंच ११९३ मध्ये नोंदवून ठेवलंय. कोरियाचा आद्य राजा दानगुनची कथा हवी असेल तर ती याच्या पुस्तकात नाही. ती पुढच्या शतकातल्या इर्योन भिक्षूच्या ‘सामगुक युसा’त आहे.

पण मग दुसरी बाजू. याच पुस्तकात शिल्लाचा शत्रू, बेक्जेचा सेनापती ग्येबेक आहे, जो ६६० मध्ये पाच हजार माणसं घेऊन मरायला निघाला. गोगुर्योचा भोळा ओंदाल आणि त्याच्याशी लग्न करणारी राजकन्या आहे. दोमी नावाच्या साध्या माणसाची बायको आहे, जिच्यावर नजर ठेवून राजानं तिच्या नवऱ्याचे डोळे काढले. राजाची अब्रू झाकायची असती तर ही गोष्ट सहज गाळता आली असती. आणि तिन्ही राज्यांच्या हकिकतींना त्यानं जे शीर्षक दिलंय, ते चीनमध्ये बादशहांच्या हकिकतीला देतात. तीनशे वर्षांनी गोर्योसा लिहिणाऱ्यांनी आपल्या राजांसाठी एक पायरी खालचा शब्द निवडला. चीनपुढे वाकणारा म्हणून ज्याला नावं ठेवतात, त्यानं ते केलं नव्हतं.

आता माझी सगळ्यात आवडती जागा. शिल्लाचे जुने राजे स्वतःला ‘राजा’ म्हणवत नसत, त्यांच्या भाषेतले शब्द होते. ‘गोसोगान’, ‘इसागुम’, ‘मारिपगान’. आधीचा थोर विद्वान चोए चिवोन यानं हे शब्द टाकून सगळीकडे चिनी ‘वांग’ लिहिलं होतं. बुसिक म्हणतो, नाही. शिल्लाचा इतिहास लिहायचा तर शिल्लाचे शब्द ठेवायला हवेत. आणि तो ते ठेवतो. त्यातल्या ‘इसागुम’ची कथाही सांगतो. दोन जण एकमेकांना म्हणत होते, राजा तू हो. शेवटी ठरलं, शहाण्या माणसाला दात जास्त असतात, तेव्हा त्तोक चावून बघू. ज्याचे दातांचे व्रण जास्त, तो राजा. ‘इसागुम’ म्हणजे दातांचे व्रण!

किम बुसिक ११५१ मध्ये वारला. त्याआधी एक ठिणगी पडून गेली होती. ११४४ मध्ये त्याच्या मुलानं, किम दोनजुंगनं, दरबारातल्या सोहळ्यात जोंग जुंगबू नावाच्या एका लष्करी अधिकाऱ्याची दाढी मेणबत्तीनं जाळली. अधिकाऱ्यानं त्याला मारलं, तर बापानं उलट त्या अधिकाऱ्यालाच शिक्षा करा म्हणून राजाकडे आग्रह धरला. पायऱ्यांचा एवढा हिशेब ठेवणाऱ्याला खालच्या पायरीवरचा अपमान दिसला नाही. ११७० मध्ये त्याच जोंग जुंगबूनं बंड केलं, आणि दरबारी विद्वानांची कत्तल झाली. किम दोनजुंगही मारला गेला.

तर मग माझं मत काय? दुसऱ्यांदा लिहिताना मी दोन गोष्टी वेगळ्या ठेवल्या. जोंग जिसांगला मारणं हा अन्याय होता. चांगल्या पुस्तकानं तो धुतला जात नाही. आणि ते पुस्तक ही मोठी देणगी आहे. वाईट कृत्यानं ती खोटी ठरत नाही. ज्या हातानं राजाच्या आज्ञेची वाट पाहिली नाही, त्याच हातानं आपल्याला न आवडणाऱ्या राज्यांचे, शत्रूंचे, गरिबांचे शब्द उतरवून ठेवले. त्याच्या चुका आपण आज पकडू शकतो, त्या बऱ्याचशा त्यानं स्वतःच आपलं मत वेगळं, ‘हे माझं म्हणणं’ असं सांगून लिहिलं म्हणून.

जोंग जिसांगची कविताही टिकली, किम बुसिकचं पुस्तकही टिकलं. शाळेतली मुलं दोन्ही वाचतात. मला वाटतं, भुताला हे चाललं असतं.

आजच्यापुरतं इतकंच. तुम्हाला किम बुसिकबद्दल काय वाटलं, नक्की कळवा. माझ्याशी भांडायचं असेल तरी चालेल. भेटू पुढच्या भागात. तोपर्यंत ऐकत राहा, वाचत राहा. नमस्कार!